फीत कापण्याच्या आधीपासून

उद्योगावरच्या लघुपटाचा आपल्याकडे एक साचा आहे: धगधगती भट्टी, फीत कापणारे पाहुणे आणि वरून भारदस्त निवेदन. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट चित्रपटगृहांत मुख्य खेळाआधी दाखवले जात. तिथे हा साचा रुजला. त्या काळात उत्तम कामही झाले. पण हाती ड्रोन आल्यावरही आपण तेच गिरवत आहोत, याची खंत वाटते.

रायपूरपासून तीसेक किलोमीटरवरच्या भिलाई पोलाद कारखान्याचेच पाहा. सोव्हिएत संघाशी करार १९५५ मध्ये झाला आणि पहिली झोतभट्टी ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती राजेंद्रप्रसादांच्या हस्ते सुरू झाली. लघुपट इथून सुरू होतो. गोष्ट मात्र अर्धशतक आधी नागपुरात सुरू झाली होती. सचिवालयात भेटीसाठी थांबलेले दोराबजी टाटा वेळ काढायला समोरच्या संग्रहालयात शिरले. मध्य प्रांताच्या भूगर्भीय नकाशात दुर्ग भागावरचा गडद रंग त्यांना दिसला: लोहखनिज! दल्ली-राजहऱ्याच्या डोंगरांत ते भरपूर होते, पण कोकसाठी योग्य कोळसा जवळ नव्हता. टाटा पूर्वेकडे वळले, जमशेदपूर उभे राहिले. राजहऱ्याचे खनिज पुढे भिलाईच्या भट्ट्यांत गेले.

हे खनिज हातांनी फोडणाऱ्या कंत्राटी मजुरांनी १९७७ मध्ये कामगार नेते शंकर गुहा नियोगी यांच्यासोबत छत्तीसगढ माइन्स श्रमिक संघ उभारला आणि १९८३ मध्ये आपल्या वर्गणीतून शहीद रुग्णालय सुरू केले. भिलाईच्या रुळांवरून देशभर गाड्या धावतात; त्या रुळांच्या गोष्टीत ही माणसे हवीतच.

म्हणून माहितीपटकारांना आग्रहाचे सांगणे: कारखान्याच्या फाटकाआधी खाण गाठा. खनिजाच्या वाघिणीमागून भिलाईला या. लालबुंद रूळ लाटला जातानाचा आवाज नीट ध्वनिमुद्रित करा आणि त्यावर संगीत चढवू नका. रायपूरजवळच्या सिलतरा-उरल्याच्या स्पंज आयर्न कारखान्यांजवळ वाळत घातलेल्या कपड्यांवर बसणारी काळी धूळ जवळून टिपा. रायपूरकर ती रोज झटकतात. ती वगळलेल्या लघुपटावर त्यांचा विश्वास बसणार नाही.

प्रायोजक कंपनीच असली की हे अवघड होते, हे खरे. तेव्हा सही करण्यापूर्वीच खाण आणि वस्ती इथल्या चित्रीकरणाचे दिवस करारात लिहून घ्या. पैसे देणाऱ्याला ते नको असेल, तर तो जाहिरातपट आहे. त्याचे मानधन जरूर घ्या. पण देशाच्या औद्योगिक विकासाची गोष्ट म्हणून तो लोकांपुढे ठेवू नका.