अप्रेझलच्या स्लाइडवरचे टिळक

अप्रेझलच्या मीटिंगमध्ये एचआरने एकदा स्लाइड दाखवली होती. रथ, कृष्ण, हात जोडलेला अर्जुन आणि कोपऱ्यात पगडीतले टिळक. खाली मजकूर: काम करा, फळाची अपेक्षा नको. पुढच्या स्लाइडवर इन्क्रिमेंटचे आकडे होते. आकडे बघता सल्ला वेळेवर आला होता म्हणायचं.

मी रत्नागिरीचा. टिळक 1856 साली इथेच जन्मले आणि त्यांचं घर आम्ही पाहुण्यांना हौसेने दाखवतो. पण ‘गीतारहस्य’ उघडलेला माणूस शोधायला गेलात तर दमाल. म्हणून असल्या स्लाइड खपतात.

माझा आक्षेप साधा आहे. ‘हे काम मी करावं का?’ या प्रश्नावर ज्या माणसाने जाडजूड ग्रंथ लिहिला, त्याचाच फोटो लावून आपण तो प्रश्न विचारणाऱ्याला गप्प बसवतो.

राजद्रोहाच्या शिक्षेत, मंडालेच्या तुरुंगात, 1910-11च्या हिवाळ्यात त्यांनी हा ग्रंथ पेन्सिलने लिहिला. छापून आला 1915 मध्ये. दुसऱ्याच प्रकरणाचं नाव ‘कर्मजिज्ञासा’. खरं नेहमी बोलावं का? अहिंसेला अपवाद आहे का? दोन कर्तव्यं एकमेकांवर आदळली तर काय? तिथे अर्जुनाशेजारी शेक्सपिअरचा हॅम्लेटही येतो. गीतेची सुरुवातच मुळी ‘हे काम मी करणार नाही’ म्हणणाऱ्या माणसापासून होते. त्याला अठरा अध्याय उत्तर मिळतं. आपल्याला मिळतं, ‘तू फक्त टिकट क्लोज कर.’

हे उत्तर मी ऐकलंय. एका ॲपमध्ये युजरची कॉन्टॅक्ट लिस्ट वाचायची परवानगी आधीपासूनच ‘हो’ ठेवायची होती. का, असं विचारलं तर म्हणाले, युजरचाच फायदा आहे, मित्र पटकन सापडतात.

आता टिळकांचं एक उदाहरण बघा. अमेरिकेतल्या एका मोठ्या शहरात ट्राम सुरू करायची होती, पण सरकारी मंजुरी मिळेना. व्यवस्थापकाने लाच दिली, ट्राम धावली, लोकांची सोय झाली. पुढे बिंग फुटलं आणि खटला झाला. पहिल्या ज्यूरीचं एकमत होईना, दुसरीने त्याला दोषी ठरवलं. टिळक विचारतात, पुष्कळांचं पुष्कळ सुख हीच नीतीची कसोटी असेल तर या माणसाचा गुन्हा काय? मिलच्या उपयुक्ततावादाला त्यांनी असं कोंडीत पकडलंय. त्यांच्या मते कर्माची बाहेरची बेरीज पुरत नाही, करणाऱ्याची बुद्धी तपासावी लागते.

आणि ते फळाचं? त्या श्लोकाच्या चार चरणांना टिळक कर्मयोगाची चतुःसूत्री म्हणतात. स्लाइडवर दोनच येतात. सोडायची ती फळाची आसक्ती. परिणामांचा विचार सोडा, असं ते कुठेच म्हणत नाहीत. रात्री अकरा वाजता फुकट डिप्लॉयमेंट करा, असं तर नाहीच नाही.

पण टिळकांनाही मोकळं सोडायचं कारण नाही. बुद्धी शुद्ध आहे हे ठरवायचं कुणी? ग्रंथाच्या वीस वर्षं आधी, 1891 मध्ये, मुलींचं संमतिवय 10 वरून 12 करणाऱ्या कायद्याला त्यांनी विरोध केला. परक्या सरकारने आमच्या धर्मात हात घालू नये, हे कारण. त्यांचे जुने सहकारी आगरकर कायद्याच्या बाजूने उभे होते. टिळकांचा हेतू प्रामाणिक होता हे मी मान्यही करीन. पण दहा वर्षांच्या मुलीला हेतू दिसत नाही, ती परिणाम भोगते. तिथे मिलची बेरीज जास्त माणुसकीची ठरते.

गंमत म्हणजे या आक्षेपाची सामग्री टिळकांच्याच पुस्तकात आहे. ‘अध्यात्म’ हे नववं प्रकरण वाचा. सगळ्या भूतांत एकच आत्मा आहे, म्हणून सगळ्यांशी समबुद्धीने वागायचं, या पायावर त्यांची सगळी नीती उभी आहे. त्या सगळ्यांत ती मुलगीही येते.