झोपडी पडद्यावर आली तेव्हा

आपल्या देशात बोलपट आला १९३१ साली. त्याआधीचे चित्रपट मुके. पडद्यावर माणसे हलत, पण आवाज नसे. मधूनमधून लेखी पाट्या येत. ज्याला वाचता येई तो शेजाऱ्याला सांगे. बाकी सारे डोळ्यांनीच समजून घ्यायचे.

त्या काळी पडद्यावर मान होता तो बहुधा देवादिकांना नि राजेरजवाड्यांना. तिथे कर्जात बुडालेला कुणबी आणून उभा केला कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी. साल १९२५, चित्रपट 'सावकारी पाश', कथा नारायण हरि आपटे यांची. तरुण शेतकऱ्याचे काम व्ही. शांताराम यांनी केले. सावकाराच्या पाशात त्याची जमीन जाते आणि बिचारा शहरात जाऊन गिरणीकामगार होतो. त्यातली अंधारी झोपडी आणि बाहेर रडणारे कुत्रे हा देखावा पाहणाऱ्यांच्या मनात घर करून राहिला.

ही काही मनची गोष्ट नव्हती. त्याच्या पन्नास वर्षे आधी, १८७५ साली, पुणे जिल्ह्यात सुपे येथे शेतकरी सावकारांवर उठले. त्यांचा राग होता तो खतांवर आणि रोख्यांवर. अक्षर येत नसलेल्या माणसाचा अंगठा ज्यावर उठे, तो कागदच त्याची जमीन नेई. हे कागद त्यांनी जाळले. पुढे १८७९ साली सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा करावा लागला. मुक्या चित्राचे मोल इथेच कळते. कागद वाचता न येणाऱ्यालाही हे चित्र वाचता येत होते.

दुर्दैव असे, की त्या १९२५ च्या चित्रपटाची प्रत आज उरलेली नाही. तेव्हाची फिल्म चटकन पेट घेई, नाहीतर पडून पडून सडे. १९३६ साली पेंटरांनी हीच कथा बोलपटात पुन्हा सांगितली, पण ती पहिली झोपडी गेली ती गेलीच.

पाश मात्र अजून सुटलेला नाही. म्हणून घरातल्या शिकलेल्या लेकीसुनांना एकच सांगणे. घरात येणारा प्रत्येक कागद मोठ्याने वाचून दाखवा, मगच सही होऊ द्या. परवान्याशिवाय कोणी सावकारी करीत असेल, तर २०१४ च्या कायद्याप्रमाणे सहकार खात्याच्या जिल्हा उपनिबंधकांकडे तक्रार करता येते. पाटी वाचून दाखवणारा शेजारी तेव्हा थिएटरात होता. आता तो आपल्या ओसरीवर हवा.