डिफेंडरची मजुरी आणि आपलं मैदान

२०२५ चा ऑगस्ट. वर्षावास सुरू होता. पिरंगुटजवळच्या वस्तीतल्या विहारात संध्याकाळचं ग्रंथवाचन संपलं आणि एक मावशी मागे थांबल्या. त्यांचा मुलगा बारावीला. फुटबॉल खेळतो, बॅकला. मुंबईत कुठल्याशा क्लबची ट्रायल आहे आणि कॉलेज सोडून निघालो म्हणतो. "दादा, तुम्ही शिकलेले. त्याला सांगा, खेळून कुणाचं पोट भरलंय?" मुलगा दाराशी उभा होता. त्याने मोबाईल पुढे केला. पडद्यावर राहुल भेके. "दादा, हा पण महाराष्ट्रातलाच. हा पण डिफेंडरच आहे."

त्या वेळी आम्हाला आईलाही नीट उत्तर देता आलं नाही आणि मुलालाही नाही. समाजशास्त्रात एम.ए. केलेल्या माणसाला हा प्रश्न सोपा वाटायला हवा होता. तो तसा नव्हता. म्हणून हा लेख.

एका डिफेंडरची कारकीर्द

आधी भेकेची कारकीर्द नीट पाहू. खेळाडूची जात शोधत बसणं हा इथे हेतू नाही. आपल्याला पाहायची आहे ती कारकीर्द नावाची वाट, आणि त्या वाटेवर टिकायला काय लागतं ते.

राहुल भेके १९९० साली मुंबईत जन्मला. मुंबई एफसी, मग कोलकात्याचं ईस्ट बंगाल, तिथे असतानाच २०१५ मध्ये केरला ब्लास्टर्स आणि २०१६ मध्ये एफसी पुणे सिटी. २०१७ मध्ये बंगळुरू एफसी, २०२१ मध्ये मुंबई सिटी, २०२४ मध्ये पुन्हा बंगळुरू. कधी राईट बॅक, कधी सेंटर बॅक. प्रशिक्षक सांगेल तिथे उभं राहायचं. दोन-तीन वर्षांनी बॅग भरायची आणि नव्या गावात नव्याने जागा मिळवायची.

हे काम दिसत नाही. नव्वद मिनिटं चोख बचाव केला तर दुसऱ्या दिवशीच्या पेपरात नाव येत नाही. एकदा पाय घसरला की महिनाभर तोच व्हिडिओ फिरतो. भेकेचं नाव गाजलं ते त्याने गोल केले तेव्हा. १७ मार्च २०१९ रोजी अंधेरीच्या मैदानावर आयएसएलचा अंतिम सामना होता, समोर एफसी गोवा. जादा वेळेतली शेवटची काही मिनिटं उरली असताना ११७ व्या मिनिटाला कॉर्नरवर त्याने डोक्याने गोल केला आणि बंगळुरू विजेता झाला. ११ एप्रिल २०२२ रोजी मुंबई सिटीने इराकच्या एअर फोर्स क्लबला २-१ ने हरवलं. एएफसी चॅम्पियन्स लीगमध्ये भारतीय क्लबचा तो पहिलाच विजय, आणि त्यातला निर्णायक गोल याच डिफेंडरचा. ४ मे २०२४ रोजी मोहन बागानला कोलकात्यात ३-१ ने हरवून मुंबई सिटीने चषक उचलला तेव्हा कर्णधार तोच होता.

आता दुसरी दोन वर्षं बघा. भारताची जर्सी त्याला पहिल्यांदा मिळाली जून २०१९ मध्ये, वयाच्या २८ व्या वर्षी. देशासाठी पहिला गोल त्याने केला नोव्हेंबर २०२४ मध्ये हैदराबादला, मलेशियाविरुद्ध, वयाच्या ३३ व्या वर्षी. वाट पाहणाऱ्याला इतकं थांबावं लागलं. त्याची मेहनत आणि चिकाटी वादातीत आहे. पण आपल्या वस्तीतल्या मुलाने विचारायचा प्रश्न वेगळा आहे : २८ व्या वर्षापर्यंत थांबणं कुणाला परवडतं?

वाट पाहण्याचीही किंमत असते

मुळशीत या प्रश्नाचं उत्तर सातबाऱ्यावर लिहिलेलं आहे. शंभर वर्षांपूर्वी टाटांच्या धरणासाठी इथली जमीन गेली, सेनापती बापटांचा सत्याग्रह झाला, तो आपण शाळेत शिकलो. ज्यांच्या नावावर जमीनच नव्हती त्यांचं काय झालं, हे पाठ्यपुस्तकात नव्हतं. पुढे हिंजवडी-माणला आयटी पार्क आला, गुंठ्याला भाव आला. ज्याच्या घरी विकायला गुंठे होते, त्याचा मुलगा आज दोन-चार वर्षं ट्रायल देत फिरू शकतो. त्याचे बूट, त्याची फिजिओ, त्याची खासगी अकादमी हे सगळं त्या जमिनीतून येतं. भूमिहीनाच्या मुलाचं एक वर्ष वाया गेलं की घरातला एक पगार जातो. गुडघ्याचा लिगामेंट तुटला तर ऑपरेशनचं कर्ज बहिणीच्या शिक्षणावर येतं.

म्हणून "खेळून पोट भरत नाही" म्हणणारी आई मागासलेल्या विचारांची नाही. ती हिशेब करते आहे, आणि तिचा हिशेब बरोबर आहे.

पण तिच्या हिशेबाची दुसरी बाजूही मांडू. पिरंगुटच्या कंपन्यांमध्ये ठेकेदाराकडे लागलेली आपली पोरं काय करतात? सहा-सात महिने एका कंपनीत हेल्पर, मग 'ब्रेक', मग दुसरा ठेकेदार. २४० दिवस सलग भरू नयेत याची काळजी वरचा माणूस घेत असतो. त्यांचंही आयुष्य या गेटवरून त्या गेटवर जाण्यात जातं. नामांकित डिफेंडरचा पगार आणि हेल्परचा पगार यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे, ते पुसायचं नाही. पण दोघांच्या डोक्यावर टांगलेली तलवार एकाच धातूची आहे. कंत्राट संपलं की तुम्ही कुणी नाही.

ज्या आठवड्यात मावशी विहारात आल्या, त्याच सुमारास हे उघड्यावर आलं. लीग चालवणारी कंपनी आणि फुटबॉल महासंघ यांच्यातला १५ वर्षांचा करार डिसेंबर २०२५ मध्ये संपणार होता, नवा ठरत नव्हता, म्हणून जुलैमध्ये आयएसएलचा हंगामच रोखला गेला. ऑगस्टच्या सुरुवातीला बंगळुरू एफसीने पहिल्या संघाच्या खेळाडूंचे आणि कर्मचाऱ्यांचे पगार बेमुदत थांबवल्याचं जाहीर केलं. म्हणजे मुलगा ज्याचा फोटो आम्हाला दाखवत होता, त्याच्याच क्लबात. भारताच्या संघातल्या खेळाडूंची ही गत, तर दुसऱ्या-तिसऱ्या फळीतल्या पोरांना कोण विचारतो?

बालेवाडीचं मैदान कुणाचं?

याहून जवळचं उदाहरण आपल्या दारात आहे. म्हाळुंगे-बालेवाडीचं श्री शिवछत्रपती क्रीडासंकुल १९९४ च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धांसाठी उभं राहिलं. म्हाळुंगे हे मुळशी तालुक्यातलं गाव, २०२१ मध्ये पुणे महापालिकेत गेलं. या मैदानावर पुण्याचे चार व्यावसायिक संघ खेळले.

पुणे एफसी, पिरामल घराण्याचा, २०१२-१३ च्या आय-लीगमध्ये उपविजेता. भारत एफसी, कल्याणी समूहाचा, एक हंगाम खेळला. डीएसके शिवाजियन्स आय-लीगमध्ये दोन हंगाम. एफसी पुणे सिटी आयएसएलमध्ये पाच हंगाम. चारही आज नाहीत. भेके जिथे खेळला त्यातला मुंबई एफसीही गेला आणि एफसी पुणे सिटीही गेला. मालकांच्या ताळेबंदात तोटा दिसला की संघ बंद. गावाला, प्रेक्षकाला, खेळाडूला कुणी विचारलं नाही, कारण क्लबात त्यांचा कसलाच हिस्सा नव्हता. सरकारी पैशातून उभं राहिलेलं मैदान मात्र तिथेच आहे. दहा-पंधरा किलोमीटरवरच्या वस्तीतल्या किती मुलांनी त्या हिरवळीवर पाय ठेवला आहे? आमच्या ओळखीतले मोजायला एका हाताची बोटं पुरतात, आणि त्यांतले दोघे तिथे बंदोबस्ताला सिक्युरिटी गार्ड म्हणून गेले होते.

नायक मिळाला म्हणजे वाट मिळाली असं नाही

इथे चळवळीतले मित्र म्हणतील, आपल्याकडे पळवणकर बाळू आहेत ना! जरूर आहेत. पुण्याच्या जिमखान्यात गोऱ्या साहेबांच्या मैदानाची देखभाल करता करता, त्यांना नेटमध्ये चेंडू टाकता टाकता हा माणूस देशातला अव्वल गोलंदाज झाला. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी शंभराहून जास्त बळी घेतले. तरी हिंदू संघाचं कर्णधारपद त्यांना कधी मिळालं नाही. ते धाकट्या भावाला, विठ्ठलला मिळालं, तेही १९२३ साली. आणि १९३७ च्या निवडणुकीत काँग्रेसने याच बाळूंना मुंबईत बाबासाहेबांच्या विरोधात उभं केलं. लोकांनी बाबासाहेबांना निवडलं.

त्यात बाळूंच्या खेळाचा अपमान नव्हता. मोठा खेळाडू आपल्या अभिमानाचा विषय असतो, पण एकट्या नायकाला प्रस्थापित सहज आपल्या मंचावर नेऊन बसवू शकतात, हे आपल्या लोकांना कळलं होतं. बाबासाहेबांनी १९३६ मध्ये स्वतंत्र मजूर पक्ष काढला आणि ७ नोव्हेंबर १९३८ रोजी संपाच्या हक्कासाठी मुंबईचे कामगार रस्त्यावर उतरवले. त्यांनी मजुराला दया मागायला शिकवलं नाही, संघटना बांधायला शिकवलं.

फुटबॉलमध्येही हक्क असेच मिळाले आहेत. इंग्लंडमध्ये १९६१ पर्यंत खेळाडूचा पगार आठवड्याला २० पौंडांच्या वर जाऊ शकत नव्हता. संपाचा इशारा दिल्यावर ती मर्यादा उठली. करार संपल्यावरही क्लब खेळाडूला अडवून ठेवत असे, ती प्रथा युरोपात मोडली १९९५ मध्ये, ती ज्याँ-मार्क बोसमान नावाच्या एका साध्या बेल्जियन खेळाडूने कोर्टात लढून. भारतात खेळाडूंची संघटना २००६ पासून आहे. पण खेळाडू कामगार आहे, हे आपल्या समाजाच्या बोलण्यातच अजून आलेलं नाही.

मग करायचं काय?

पहिलं, मैदान मागा. दलित वस्तीच्या विकास योजनेतून आपल्याकडे सिमेंटचे रस्ते, गटारं आणि समाजमंदिरं येतात. मैदान मागायचं आपल्याला सुचत नाही. क्रीडा खात्याची क्रीडांगण विकास अनुदान योजना आहे. ग्रामसभेत ठराव मांडा, गायरानातली जागा दाखवा, अर्जाची पोच घ्या. अनुसूचित जाती उपयोजनेचा निधी त्याच कामावर खर्च व्हावा म्हणून आंध्र आणि कर्नाटकाने २०१३ मध्ये कायदे केले. आपल्याकडच्या कायद्याच्या मागणीत खेळाचाही वाटा लिहा.

दुसरं, कागद समजून घ्या. राज्याच्या नोकऱ्यांमध्ये खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, दहावी-बारावीला क्रीडा गुण आहेत. पण कुठल्या स्पर्धेचं प्रमाणपत्र चालतं, पडताळणी कुठे होते, हे आपल्या मुलांना ठाऊक नसतं. दहा सामने जिंकून मिळालेली ट्रॉफी घरात असते आणि उपयोगाचा एक कागद नसतो. आपल्यातल्या शिकलेल्यांनी हे काम अंगावर घ्यावं. क्लबाचा करार आला तर सही करण्याआधी चळवळीतल्या वकिलाने तो वाचावा.

तिसरं, 'शिका' आणि 'खेळा' यांत भांडण लावू नका. शिक्षण हा खेळाडूचा बचाव आहे. क्लब बुडाला, गुडघा गेला, तर मागे तेवढंच उभं असतं. आणि मुलींना विसरू नका. वस्तीत मोकळी जागा असली तरी संध्याकाळी ती मुलांचीच असते.

त्या मुलाला आम्ही शेवटी एवढंच सांगितलं : कॉलेज सोडायचं नाही, ट्रायल मात्र द्यायची. वस्तीतल्या चौघांनी वर्गणी काढली, एक जण रजा टाकून सोबत गेला. निवड झाली नाही. परतताना तो सोबतच्याला म्हणाला, तिथल्या बहुतेक पोरांनी लहानपणापासून गवतावर सराव केलाय, मी मुरमावर. चेंडूची उडीच कळेना.

आम्ही त्याला धीर सोडू नकोस वगैरे काही म्हणालो नाही. २ ऑक्टोबरच्या ग्रामसभेत मैदानाचा अर्ज दिला. वाचून त्यानेच दाखवला. त्याची आई बायकांमध्ये पुढच्या रांगेत बसली होती. ठराव अजून झालेला नाही. पुढच्या ग्रामसभेत पुन्हा मांडणार आहोत. तुमच्या गावात तुम्हीही मांडा.

जय भीम!