वावडिंग : नाव एक, फळे अनेक

चरकसंहितेच्या सूत्रस्थानातील पंचविसाव्या अध्यायात कृमिघ्न द्रव्यांमध्ये विडंगास अग्रस्थान दिले आहे. विडंगारिष्ट, कृमिकुठार रस, चंद्रप्रभा वटी आणि त्रिमदाच्या रूपाने नवायस लोह अशा नित्य वापरातील कल्पांत ते आहेच. शिवाय महाराष्ट्रात वैद्याला न विचारताही घरोघरी तान्ह्या बाळांना वावडिंग घालून उकळलेले पाणी वा दूध पाजले जाते. इतक्या कोवळ्या वयापासून पोटात जाणारे हे फळ नेमके कोणत्या वनस्पतीचे, हा प्रश्न मात्र आपल्या व्यवसायात क्वचितच विचारला जातो.

भारतीय आयुर्वेदिक फार्माकोपियाच्या पहिल्या भागाच्या पहिल्या खंडात विडंग म्हणून एम्बेलिया राइब्सचे फळ मान्य केले आहे. ही उंच वृक्षांचा आधार घेत चढणारी काष्ठमय महावेल होय. खोडावर वल्करंध्रे असतात. पाने चिवट, वरून चकचकीत व अखंड कडांची. फुले बारीक, हिरवट-पांढरी, पाच पाकळ्यांची, आणि ती फांद्यांच्या टोकांस विस्तृत संयुक्त मंजऱ्यांत येतात. सह्याद्रीच्या आपल्या भागात अधिक आढळते ती तिची भगिनी, एम्बेलिया चेरियम-कोट्टम. (हे विचित्र वाटणारे नाव लॅटिन नव्हे, सतराव्या शतकातील ‘हॉर्टस मलबारिकस’ या ग्रंथात नोंदलेले ते मलबारकडील देशी नाव आहे.) हिची वाढ बहुधा मोठ्या झुडपाची किंवा लहान वृक्षाची, पाने रुंद, आणि फुले फांद्यांच्या बाजूंस साध्या मंजऱ्यांत. फुलोरा समोर असेल तर दोहोंत घोटाळा होण्याचे कारण नाही. पण आपल्यापैकी किती जणांनी तो पाहिला आहे? विद्यार्थिदशेत बरणीतील काळपट दाणे दाखवले जातात, आणि विडंगाची ओळख तेथेच संपते.

काष्ठौषधींच्या दुकानात तर केवळ फळच हाती येते. खऱ्या विडंगाचे फळ गोल, सुमारे दोन ते चार मिलिमीटरचे, तांबूस ते काळसर, पृष्ठभागी किंचित खरबरीत असते. चेरियम-कोट्टमचे सामान्यतः थोडे मोठे, आणि त्यावर उभ्या रेषा स्पष्ट दिसतात. याखेरीज मीसा इंडिका, म्हणजे आपल्याकडील अटकी, आणि हिमालयाकडील मिर्सिन आफ्रिकाना यांची फळेही याच नावाने विकली जात असल्याचे अभ्यासकांनी वारंवार नोंदवले आहे. अटकी ओळखण्यास प्रयोगशाळा लागत नाही. फळ नखाने फोडावे. विडंगात एकच बी असते, तर अटकीत बारीक बियांचा पुंजका निघतो. शिवाय तिचा निदलपुंज फळाला बाहेरून वेढून चिकटलेला असतो. निघंटुकारांनी विडंगास ‘चित्रतण्डुल’ म्हटले ते आतील ठिपकेदार बी पाहूनच. ज्यांनी फळ फोडून नाव ठेवले, त्यांच्या वारसांनी ते न फोडताच कुटावे, हे आम्हांस खटकते.

रासायनिक परीक्षेवर भिस्त ठेवणाऱ्यांनीही सावध असावे. चूर्णाच्या ईथरमधील अर्कात सौम्य अमोनिया घातल्यास निळसर जांभळा रंग येतो, तो एम्बेलिनमुळे. परंतु चेरियम-कोट्टमच्या फळांतही एम्बेलिन असते. म्हणजे एवढ्या परीक्षेत तीही उत्तीर्ण होते.

यावर ‘प्रतिनिधी द्रव्य’ हे उत्तर ठरलेले आहे. भावप्रकाश व योगरत्नाकर यांनी अभावी घ्यावयाची द्रव्ये सांगितली आहेत, हे खरे. पण प्रतिनिधी योजणारा वैद्य ते जाणून योजतो. व्यापाऱ्याने जे पाठवले त्यास मागाहून प्रतिनिधी म्हणणे ही केवळ पळवाट आहे. चेरियम-कोट्टम गुणांनी हीन आहे असे आमचे म्हणणे नाही. कदाचित ती उत्तम ठरेल; पण मग तिचा स्वतंत्र अभ्यास व्हावा आणि लेबलावर तिचेच नाव असावे. आज बरणीत एक व लेबलावर दुसरे असेल, तर गुण आला तरी तो कोणाचा हे सांगता येत नाही, आणि अपाय झाला तरी शोध घेता येत नाही. अटकीला मात्र विडंग म्हणून मुळीच थारा नसावा.

2000 साली लागू झालेल्या शेड्यूल ‘टी’नुसार उत्पादकांना कच्च्या द्रव्यांची परीक्षा व नोंद ठेवावी लागते. स्वतःच्या रुग्णांपुरते औषध सिद्ध करणाऱ्या वैद्यास त्यातून सूट आहे. ती सूट परवान्यापुरतीच समजावी. द्रव्यपरीक्षेचा भार उलट त्याच्या एकट्याच्या डोळ्यांवर येतो.

राष्ट्रीय औषधी वनस्पती मंडळाने लागवडीसाठी अग्रक्रम दिलेल्या 32 वनस्पतींत विडंगाचा समावेश केला होता. परंतु बियांची उगवण कमी आणि रानातील तोड निष्काळजी; फळांसाठी वेलच ओढून पाडली जाते. तेव्हा अस्सल माल थोडा व महाग राहणार. स्वस्त वावडिंगाचा आग्रह आपणच धरायचा आणि भेसळीबद्दल अडत्याला बोल लावायचा, हे न्याय्य नाही.

सभासद फार्मसींनी येत्या खरेदीपासून फळांसोबत त्याच वेलीची पाने व फुलोरा असलेली वाळवलेली फांदी मागावी आणि ती वनस्पतिशास्त्रज्ञाकडून तपासून त्या मालाच्या नोंदीस जोडावी, असा ठराव संघटनेच्या पुढील सभेत यावा. फांदीसह माल आणणाऱ्यास दर अर्थातच वाढवून द्यावा लागेल. तो किती, हेही त्याच सभेत ठरवता येईल.