गाय, शेळी, कुत्रं आणि आपण

‘पाळीव प्राणी’ हा शब्द शाळेच्या पुस्तकात फार सोपा असतो. गाय दूध देते, कुत्रा राखण करतो, मांजर उंदीर पकडते. पण कोणतं जनावर कोणी पाळायचं, कोणी त्याच्यामागे नुसतं राबायचं, कोणी ते पुजायचं आणि मेल्यावर कोणी ओढून न्यायचं, हे आपल्याकडे जातीने ठरवलेलं आहे. प्राणिप्रेम ही ज्याच्या त्याच्या स्वभावाची गोष्ट आहे असं म्हणतात. मला ते पटत नाही.

२० मार्च १९२७ ला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी महाडच्या चवदार तळ्याचं पाणी ओंजळीत घेतलं. त्या तळ्यावर गुराढोरांना मज्जाव नव्हता, माणसांना होता. त्याच परिषदेत मेलेल्या जनावराचं मांस सोडा, असंही बाबासाहेबांनी सांगितलं. जिवंत गाय वाड्यात आणि मेलेली महारवाड्यात-मांगवाड्यात, ही वाटणी त्यांना मोडायची होती. शाहू पाटोळे यांचं ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ आपल्या गटांतून जरूर वाचलं जावं. मराठवाड्यातल्या दलित चुलीवर काय शिजत होतं आणि का, ते त्यात आहे. आता मेलेलं ढोर ओढायचं काम बहुतेक गावांतून गेलं. शेण काढायचं गेलेलं नाही. ते काढणारी बाई गोठ्यात चालते, चुलीपर्यंत अजून अनेक घरांत चालत नाही.

शहरात हे सगळं संपतं, असं आपल्याला वाटतं. आमच्या छत्रपती संभाजीनगरात सिडकोच्या बंगल्यांत कामाला जाणाऱ्या बायांच्या बैठकीत एकदा विषय निघाला आणि तासभर थांबेना. एकजण म्हणाली, “ताई, त्यांचा कुत्रा सोप्यावर झोपतो, मी मोरीपाशी बसून चहा पिते. कप पण वेगळा.” दुसरीला रोज कुत्र्याला फिरवावं लागतं, ते कामाच्या ठरावात नव्हतंच, पगारातही नाही. तिसरी हसून म्हणाली, की त्या कुत्र्याला मराठी कळत नाही, सगळे त्याच्याशी इंग्रजीत बोलतात. (तिची मुलं महापालिकेच्या शाळेत आहेत.) त्या बायांचा कुत्र्यावर राग नव्हता, हे मुद्दाम नोंदवते. त्यांच्याच वस्तीत गल्लीची कुत्री आहेत, त्यांना शिळी भाकरी याच बाया टाकतात. पण त्याला कोणी प्राणिप्रेम म्हणत नाही. पट्टा, डॉक्टर आणि विकतचं खाणं असेल तरच ते प्रेम!

अमेरिकेत १९६३ साली बर्मिंगहॅम शहरात हक्क मागायला रस्त्यावर आलेल्या काळ्या मुलांवर आणि माणसांवर पोलिसांनी कुत्री सोडली होती. गुलामगिरीच्या काळात पळालेल्यांच्या मागावरही कुत्रीच सोडत. तिथल्या एखाद्या काळ्या आजीने कुत्र्यापासून लांब राहावं, यात तिचा स्वभाव किती आणि इतिहास किती? आपल्याकडे हाच प्रश्न मुसलमान बायांबद्दल विचारावा. जुन्या शहरातल्या माझ्या मैत्रिणींच्या घरी कुत्रं उंबऱ्याच्या आत येत नाही आणि मांजर थेट अंथरुणात शिरतं. बकरी ईदचा बोकड महिनोन्‌महिने हाताने चारतात, आणि त्या दिवशी लेकरं रडतात. ‘त्यांना मुक्या जिवाची दया नाही’ असं म्हणणाऱ्यांपैकी त्या घरात किती जण गेलेत?

आता कायद्याचं बघू. राज्यात गोहत्याबंदी १९७६ च्या कायद्याने होतीच. २०१५ मध्ये बैल आणि वळूही त्यात आले. दुष्काळात थकलेला बैल विकून शेतकरी घर दोन महिने तगत असे. आता गिऱ्हाईक नाही, आणि न राबणाऱ्या बैलाला चारा-पाणी करणारी घरातली बाईच. इकडे कुरेशी कुटुंबांचा धंदा बसला. त्यांच्या बाया शिवणकाम आणि मिळेल ती मजुरी शोधायला लागल्या. जनावरांची गाडी अडवून मारहाण होते तेव्हा पोलीस ठाण्याच्या दारात रात्रभर उभी राहते तीही बाईच. ३० सप्टेंबर २०२४ ला सरकारने देशी गाईला ‘राज्यमाता-गोमाता’ जाहीर केलं आणि गोशाळांतल्या देशी गाईला दिवसाला ५० रुपये ठरवले. महिन्याचे १५०० झाले. त्याच वर्षी लाडक्या बहिणीलाही महिना १५०० च ठरले होते. गाईला मिळू नये असं मी म्हणत नाही. हिशेब तेवढा मांडला.

याहून जास्त मला टोचतो तो दुसरा दुजाभाव. ऑक्टोबर १९९८ च्या अधिसूचनेने अस्वल, माकड यांचे खेळ बंद झाले. अस्वलाच्या नाकातली वेसण ज्यांनी पाहिली, त्या या बंदीला वाईट म्हणणार नाहीत. मीही म्हणत नाही. पण दरवेशी आणि माकडवाले यांचं पुढे काय, हे कोणी धड ठरवलं नाही. त्यांच्या बाया आज भंगार वेचतात, सिग्नलला उभ्या राहतात. उलट बैलगाडा शर्यतींवर बंदी आली तेव्हा विधिमंडळाने २०१७ मध्ये खास कायदा केला आणि २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो मान्य केला. एकीकडे संस्कृती, दुसरीकडे क्रूरता. बैल पळवणाऱ्याकडे जमीन आणि आमदार आहे, माकडवाल्याकडे रेशनकार्डही नसतं. नागराज मंजुळेंच्या ‘फँड्री’तल्या कैकाडी कुटुंबाला गावासाठी डुक्कर धरावं लागतं आणि विटाळही त्यांचाच. आपण तो सिनेमा पाहून हळहळलो, पण वस्तीत डुक्कर पाळणाऱ्या कुटुंबाकडे आपल्या सभेचं आमंत्रण जातं का?

एकल बायांसोबत काम करताना मला सगळ्यात जवळची वाटते ती शेळी. उस्मानाबादी शेळी आपल्या मराठवाड्याचीच. जमीन नवऱ्याच्या नावावर, घर सासऱ्याच्या, पण शेळी बाईची असते. लेकीची फी, दवाखाना, माहेरी जायचं भाडं तिच्यावर निघतं. आणि गावात पहिली भांडणं होतात तीही तिच्यावरूनच. बांधावर तोंड घातलं म्हणून दलित बाईची शेळी बांधून ठेवणं, तिला शिव्या देणं, हे प्रकार ‘किरकोळ’ म्हणून तक्रारीपर्यंत येतच नाहीत.

तेव्हा एकल महिलांच्या पाहणीचा फॉर्म पुन्हा छापताना त्यात जनावरांचा रकाना घालावा, असं माझं म्हणणं आहे. घरात कोणतं जनावर, विकत घेतलं कोणी, चारतं कोण, विकल्यावर पैसा कोणाच्या हातात, चराईला अडवतं कोण. शेळीगटाच्या योजनेत दहा शेळ्या आणि एक बोकड मिळतो. अर्ज बाईच्या नावाने झाला, तरी विम्याचे पैसे कोणाच्या खात्यात गेले, हेही त्याच रकान्यात विचारावं.