दुधाच्या हिशेबाला एक्सेल घ्यावे की लिबरऑफिस?



गावच्या दूध संस्थेत, महिला बचत गटात, एवढेच काय पण चार एकरवाल्याच्या घरातही आता संगणक आला आहे. तो आला की पाठोपाठ वाद येतो. तालुक्याचा दुकानदार सांगतो, एक्सेलशिवाय पान हलत नाही. कॉलेजात जाणारा पोरगा म्हणतो, लिबरऑफिस फुकट मिळत असताना पैसे कशाला घालायचे? थोडे थोडे दोघांचेही खरे आहे.

दोन्ही म्हणजे उभ्या-आडव्या रकान्यांची वहीच. नाव, लिटर, फॅट आणि दर भरला की मांडून दिलेल्या सूत्राने रक्कम निघते, दहा दिवसांच्या पगाराची बेरीजही होते. एक्सेल मायक्रोसॉफ्ट कंपनीचे, १९८५ पासूनचे. संगणकावर पूर्ण एक्सेल हवे तर पैसे पडतात, एकदाच किंवा दरवर्षी. लिबरऑफिस २०१० साली ओपनऑफिस या जुन्या कार्यक्रमातून फुटून निघाले. ते कायद्याने फुकट आहे, कितीही संगणकांवर घाला. त्यातल्या हिशेबाच्या भागाला कॅल्क म्हणतात. दोन्हीत एका पानावर १०,४८,५७६ ओळी मावतात. एवढे दूध उत्पादक आपल्या पंचक्रोशीत नाहीत, तेव्हा क्षमतेचा प्रश्न मनातून काढून टाका. मात्र जुन्या 'एक्सएलएस' पद्धतीने फाइल साठवू नका. तिच्यात ६५,५३६ ओळीच बसतात. २०२० साली इंग्लंडमध्ये याच कारणाने कोरोनाच्या १५,८४१ रुग्णांची नोंद वेळेवर पुढे गेली नाही.

खरी काळजी वेगळीच आहे. रकान्यात तुम्ही गट नंबर १२/३ लिहिता आणि यंत्र त्याची १२ मार्च तारीख करून टाकते! सातबारा म्हणून ७/१२ लिहाल तर ७ डिसेंबर होते. बँकेच्या खाते क्रमांकाच्या सुरुवातीचे शून्य गळून पडते. आणि क्रमांक सोळा अंकी असेल तर एक्सेल पंधराच अंक खरे धरते, सोळाव्याच्या जागी शून्य मांडते. पगार बँकेत पाठवताना हा एक अंक केवढ्याला पडेल ते तुम्हीच ओळखा. पोराची फी भरायच्या आठवड्यात पैसे आले नाहीत, तर ती बाई संगणकाला नव्हे, सचिवाला जाब विचारणार. या बाबतीत लिबरऑफिसही फारसे निराळे नाही. उपाय दोन्हीकडे एकच: गट नंबर, खाते क्रमांक आणि मोबाइलचे रकाने भरण्याआधी 'टेक्स्ट' करून घ्या. आधी भरून मग टेक्स्ट केले तर गेलेले अंक परत येत नाहीत.

तेव्हा निवड कशावर करायची? तुमची फाइल पुढे कोणाकडे जाते, यावर. बँकेने किंवा दूध संघाने स्वतःची एक्सेलची फाइल दिली असेल आणि तिच्यात बटण दाबताच चालणारे मॅक्रो असतील, तर ते कॅल्कमध्ये धड चालतीलच असे नाही. अशा संस्थेने एक्सेल विकत घ्यावे. एका संगणकापुरते पुरते. साधी यादी पाठवायची असेल तर कॅल्कही 'एक्सएलएसएक्स' फाइल करून देते. रेघा, रंग, आलेख इकडचे तिकडे होतात, म्हणून पाठवण्यापूर्वी उघडून पाहावे. बचत गटाला आणि घरच्या जमाखर्चाला माझे मत सरळ लिबरऑफिसला आहे. शंभर रुपयांत कोणी 'चोरून चालवायचे' एक्सेल घालून देत असेल, तर त्याला दारातूनच परत पाठवा. त्यासोबत व्हायरस आला तर वर्षाचा हिशेब जाईल.

मराठीसाठी दोन्ही सारखीच चांगली, पण टंक युनिकोडच हवा. घरातली लेक किंवा सूनबाई जुन्या फॉन्टमध्ये नावे टाइप करीत असेल, तर तीच यादी दुसऱ्या संगणकावर निव्वळ इंग्रजी अक्षरांचा कचरा दिसते आणि नावे अकारविल्हे लागत नाहीत. हे आधीच सांगा, कारण तीनशे नावे पुन्हा टाइप करायला कोणालाच आवडत नाही.

कोणतेही घ्या, पहिले तीन पगार वहीतही लिहा आणि संगणकातही. बेरीज जुळली नाही तर त्याच दिवशी शोधा. फाइलची एक नक्कल पेन ड्राइव्हवर काढून ती संस्थेच्या कपाटात नको, दुसऱ्या कोणाच्या तरी घरी ठेवा.