हौसेला मोल नाही?

मैत्रिणींनो, ‘हौसेला मोल नाही’ असं कुणी म्हणालं की मला डोरोथी हायमन आठवते. इंग्लंडची ही धावपटू खेळाच्या नियमांत ‘हौशी’ होती. या एका शब्दापायी तिला काय भोगावं लागलं, ते ऐका.

डोरोथी यॉर्कशरमधल्या कडवर्थ गावातल्या खाणकामगाराची मुलगी. जन्म १९४१ चा. कोळसा मंडळाच्या कचेरीत ती नकाशे गिरवायचं काम करायची आणि नोकरी सांभाळून पळायची. १९६० साली रोम ऑलिंपिकमध्ये एकोणीस वर्षांच्या या मुलीने १०० मीटरमध्ये रौप्य आणि २०० मीटरमध्ये कांस्यपदक मिळवलं. १९६२ मध्ये ती १०० मीटरची युरोपविजेती झाली, आणि त्याच वर्षी पर्थच्या राष्ट्रकुल स्पर्धेत तिने दोन सुवर्णपदकं जिंकली. १९६४ मध्ये टोकियोत जेनेट सिम्पसन, मेरी रँड आणि डॅफ्नी आर्डेन यांच्याबरोबर रिलेचं कांस्यपदक मिळालं.

त्याच वर्षी तिचं आत्मचरित्र निघालं. तिने त्याचे पैसे घेतले. झालं, तिचं हौशीपण बाटलं! १९६९ मध्ये ती पुन्हा मैदानात उतरली, २०० मीटरचं राष्ट्रीय विजेतेपदही तिने मिळवलं. पण देशाच्या संघाचं दार बंद ते बंदच. पाय तिचे, घाम तिचा, आयुष्य तिचं; ते सांगून चार पैसे घेतले तर ती अपात्र!

हा नियम पुरुषांनाही होता, असं कुणी म्हणेल. होता ना. पण नियम सगळ्यांना सारखा असला म्हणून त्याचं ओझं सारखं होत नाही. हेन्लीच्या प्रसिद्ध नौकाशर्यतीच्या १८७९ च्या नियमांत मजुरी करून पोट भरणाऱ्याला ‘हौशी’ म्हणायलाच नकार होता. म्हणजे हौस कुणाची? ज्याच्या घरी चूल आपोआप पेटते त्याची. त्यात बाईची मजुरी आणखी स्वस्त. ब्रिटनमध्ये समान वेतनाचा कायदा झाला १९७० मध्ये, आणि अमलात आला १९७५ च्या अखेरीस. डोरोथीचे पळण्याचे दिवस तोवर सरले होते.

आता काळ बदलला. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये अ‍ॅथलेटिक्सच्या जागतिक संघटनेने सुवर्णविजेत्यांना ५० हजार डॉलर दिले. त्याने खेळ काही बाटला नाही! मग तेव्हाच्या पावित्र्याची किंमत कुणाकडून वसूल केली?

मला हे इतकं लागतं, कारण ही भाषा आपल्या ओळखीची आहे. घरात राबणारीला ‘माया’ म्हणायचं, अंगणवाडी सेविकेच्या पगाराला ‘मानधन’ म्हणायचं. शब्द जितका गोड, तितका हिशेब बुडवायला सोपा. बाईने पैशाचं नाव काढलं की तिची माया खोटी, सेवा खोटी, हौस खोटी.

कडवर्थच्या क्रीडासंकुलाला आज डोरोथी हायमनचं नाव आहे. चांगलंच आहे. पण पाटीवर नाव रंगवायला फार खर्च येत नाही, बायांनो. यापुढे कुणी आपल्या कष्टांना गोड नाव दिलं, तर आधी विचारूया: आणि मोल किती?